गुडघ्याएवढं

ग्लेनिस प्रॉसर माझी शेजारीण. मधे एक भिंत,
भिंतीवरून आमचं भांडण, अठरा वर्षांचं,
त्या झुडपापायी.
लावलेलं तिच्या बाजूला, उगवणारं माझ्या.
मी स्वॉन्झीत तीस वर्षं बस चालवली.
रुळांच्या कडेला, बंद गोदीच्या विटांत,
चॅपलच्या पन्हाळीत,
जिथं कुणी काही लावत नाही
तिथं हेच जांभळं शेपूट हलताना पाहिलं.
असलं कुणी विकत आणतं?

"विकत कुठं? काडी खोचली," ती म्हणते.
जुलैतली वीतभर काडी, खालची पानं ओरबाडून,
दह्याच्या रिकाम्या डब्यात.
मग खड्डा. शेणखत नाही, लाड नाही;
जुन्या न्हाणीघराचा चुना, फुटक्या विटा,
आणि ऊन, या गावाला परवडेल तेवढं.

तिच्याकडे मुलं येतात.
तिची नव्हेत. सरकारी गाडीतून येतात,
तीन आठवडे, कधी सहा महिने,
कचऱ्याच्या काळ्या पिशवीत कपडे घेऊन.
नावं लक्षात ठेवणं मी कधीच सोडलं होतं.

मार्चमध्ये टेगन आली. नऊ वर्षांची.
पिशवीच्या गाठीला कुणाला हात लावू देईना.
जेवायलाही बूट घालून बसायची.
रविवारी ग्लेनिसनं तिच्या हाती मोठी कात्री दिली.
"काप."
"किती?"
"गुडघ्याएवढं ठेव."
झुडूप दीड पुरुष उंच.
"मरेल ना."
"कापल्यानं नाही मरत हे. नाही कापलं
तर नुसतं वर पळतं, बुंध्याशी बोडकं होतं,
आणि फुलतं तिथं, जिथं फक्त सीगलना दिसेल."

मी खिडकीत चहा घेऊन उभा.
पोर आधी बिचकली,
मग दातओठ खाऊन सुटली.
दुपारी अंगणात फांद्यांचा ढीग
आणि मधोमध पाच-सहा खुंट,
कुणी भांडणात उलटी पाडलेली खुर्ची जशी.
ग्लेनिस एकदाही पुरे म्हणाली नाही.
गुडघा टेगनचा होता, माझ्याहून बराच खाली.
गेलं आता, मनात म्हटलं. सुटलो.

एप्रिलात खुंटांवर मांजराच्या कानासारखे
मऊ, राखी कोंब.
जुलैत तीच जांभळी शेपटं, दाट,
या खेपेला नऊ वर्षांच्या डोळ्यांच्या उंचीवर.
"इड्वल!" भिंतीवरून हाक. आजोबा नाही, मिस्टर नाही.
"अकरा! काळी, लाल पट्ट्याची! अकरा!"
पंख उघडत, मिटत, सोंड खुपसून
ती अशी प्यायला बसली होती
की हात लावला तरी उठली नसती.

मग तिनं विचारलं,
"यांची पिल्लं कुठायत?"
अठरा वर्षांत हे कुणी विचारलं नव्हतं.
"इथं नाही घालत अंडी. ही खानावळ.
पिल्लं तिकडं, माझ्या शेडमागं, खाजोटीत."
सांगून बसलो, आणि आठवलं,
तणनाशकाची बाटली फळीवर आणून ठेवलीय.

भिंत चढून आली. पोटरीवर चट्टे उठले,
रडली नाही; मी पाला चोळून दिला.
एका दुमडलेल्या पानात
काटेरी, काळी, एकटी अळी.
टेगननं पान होतं तसं पुन्हा मिटवलं.
बराच वेळ बोलली नाही.

ऑगस्टभर ती रोज संध्याकाळी
वाळलेले तुरे खुडायची, बी उडायच्या आत.
"तुमच्या भिंतीसाठी," म्हणायची,
जणू भिंतीला दमा होता.

सप्टेंबरात गाडी आली.
पिशवी नव्हती; निळी, चाकांची बॅग होती,
ग्लेनिस प्रत्येकाला घेऊन देते.
टेगननं मला हात केला का,
ते काचेवरच्या पावसात नीट दिसलं नाही.

बाटली दुकानदारानं परत घेतली नाही,
फळीवरच आहे.
एक तुरा तिच्या नजरेतून सुटला असणार:
माझ्या भिंतीच्या चिरेत दोन पानं.
काल ग्लेनिसला विचारलं, कात्री कुठं ठेवतेस.
ती म्हणाली, मार्चला अवकाश आहे.
ते मलाही ठाऊक आहे.
मला विचारायचं होतं ते वेगळंच,
गुडघा कुणाचा धरायचा.